काचेला लावलेला हात

परवा माझी नात प्राची टीव्ही लावून बसली होती आणि टीव्हीवर टीव्हीचाच इतिहास चालला होता. देशात टीव्ही येऊन पन्नास वर्षं झाली म्हणे. निळी साडी नेसलेली एक बाई गोड हसून सांगत होती, की त्या काळी गावात एकच टीव्ही असायचा, रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे आणि सगळं गाव, सगळ्या जातींची माणसं, एका सतरंजीवर मांडीला मांडी लावून बसायची. या पेटीनं माणसं जोडली, असं ती म्हणाली.

मी उठून अंगणात गेले आणि थुंकले. प्राचीला वाटलं पित्त झालं, तिनं लिंबाचं सरबत आणलं. पित्त नव्हतं ते. मला वास आला होता. गोठ्यातल्या खड्ड्याला आग लागावी तसा. टीव्ही तापला की अजून मला तो वास येतो.

मी अक्षरं शिकले तेव्हा केस पिकले होते, त्यामुळं लिहायला वेळ लागतो. पण त्या बाईनं सांगितलेल्या इतिहासात आमचं गाव नव्हतं. म्हणून लिहिते.

आमचं गाव शिरूर तालुक्याच्या टोकाला, भीमेच्या काठावर. कचेरीचं काम निघालं तर शिरूरला जायचं, बाजार आणि रेल्वे दौंडला. गावात बहुतेक घरं धनगरांची. त्यांचे आजे-पणजे मेंढरं घेऊन दरवर्षी कोकणात उतरायचे. पुढं पाटाचं पाणी आलं, कांदा आला, ऊस आला, आणि मंडळी जमिनीला चिकटली. ओढ्याच्या अलीकडं आमची वस्ती, बौद्धांची. माझी सासू तानुबाई, माझा मुलगा नवनाथ आणि मी, असे आम्ही तिघं. माझे मालक तेव्हा वारले होते.

ग्रामपंचायतीला सरकारी टीव्ही मिळाला, रंगीत. ठेवायचा कुठं, यावर पंचायतीत चर्चा झाली. कुणी म्हणालं शाळेत. शाळा गळकी होती. मग तो बिरोबाच्या देवळापुढच्या मंडपात गेला. दोन झापांची लाकडी पेटी केली, कुलूप घातलं आणि किल्ली पंच रखमाजींच्या करगोट्याला बांधली गेली. टीव्ही सगळ्या गावाचा होता, यात वाद नव्हता. फक्त तो मंडपात होता, आणि मंडपात आम्ही जात नव्हतो. कुणी अडवलं नव्हतं. कुणी अडवायची वेळ आम्ही येऊ दिली नव्हती. आम्ही बाहेर लिंबाखाली बसायचो. तिथून टीव्ही बाजूनं दिसायचा. माणसं काडीसारखी बारीक, आणि राजेबिजे आले की त्यांची नुसती नाकं.

तानुबाई म्हणायची, "ह्या देवांचं एकच कान बघून मी मरणार."

नंतर रविवारची देवादिकांची मालिका लागली आणि टीव्हीचाच देव झाला. बाया न्हाऊन यायच्या. पेटीला हार, काचेच्या वर हळदीकुंकवाची बोटं, पुढं उदबत्ती. चपला मंडपाबाहेर. मालिका संपून साबणाची जाहिरात लागली तरी हात जोडलेलेच. मला हसू यायचं, पण हसू पदरात घ्यायचं, ही आमची जुनी सवय.

मग एकोणीसशे नव्वद साल आलं. बाबासाहेबांच्या जन्मशताब्दीचं वर्ष. चौदा एप्रिलला शनिवार होता आणि संध्याकाळी टीव्हीवर जयंतीचा कार्यक्रम होता. नवनाथ तेव्हा कोरेगाव भीमाजवळच्या एका कारखान्यात हेल्पर होता. ही बातमी त्यानंच आणली.

ती ऐकल्यापासून तानुबाई शांत बसेना.

तिचं कारण असं. ती लहान होती तेव्हा बाबासाहेब रेल्वेनं जाणार, गाडी दौंडला थांबणार, अशी बातमी आली होती. तिचा बाप तिला घेऊन चालत दौंडला गेला. स्टेशनात मुंगी शिरेना एवढी माणसं. बापानं तिला खांद्यावर घेतलं, तर पुढच्यांनीही आपापली पोरं खांद्यावर घेतली. गाडी आली, जयजयकार झाला, गाडी गेली.

"काय दिसलं?" असं कुणी विचारलं की ती सांगायची, "पाठी. सगळ्यांच्या पाठी दिसल्या. एकाच्या सदऱ्याला ठिगळ व्हतं, ते अजून डोळ्याम्होरं हाय."

घरात बाबासाहेबांचा फोटो होता, तसबीर रोज पुसली जायची. पण ती म्हणायची, "फोटोतलं तोंड हलत न्हाई. मला हलताना बघायचंय. एकदा." तिच्या एका डोळ्यात फूल पडून तो गेला होता आणि दुसऱ्यावर जाळी धरत चालली होती. अंगणातली कोंबडी कुणाची, हे ती चालीवरून ओळखायची. तिच्याकडं किती वेळ आहे, हे आम्हा सगळ्यांना दिसत होतं.

नवनाथ रखमाजींकडं गेला. मीही गेले, कारण रखमाजींची बायको सगुणाबाई माझी ओळखीची. ओळखीची म्हणजे, आमची सावड होती. तिच्या कांद्याला मी, माझ्या कांद्याला ती. आमच्या दीड एकरात वाकून तिनं कितीदा खुरपलंय. भाकरी खायच्या वेळी ती मिरचीचा ठेचा माझ्या भाकरीवर वीतभर उंचीवरून टाकायची. मला वाटायचं, तिच्या हाताची ढबच तशी आहे.

"आबा," नवनाथ म्हणाला, "शनिवारची एक संध्याकाळ टीव्ही आमच्या समाजमंदिरात द्या. आज्जीला बाहेर बसून दिसत न्हाई."

रखमाजी कांद्याच्या आरणीला, रचलेल्या ढिगाला, पाठ टेकून बसले होते. "न्यायला काय, न्या की. सरकारी हाय. पन त्यो आता देवळातला झालाय, बाबा. लोकं हात जोडत्यात त्याला."

"लोकं एसटीला बी नारळ फोडत्यात, आबा. म्हनून आमी एसटीत बसत न्हाई व्हय?"

सगुणाबाई खळखळून हसली. रखमाजींनी तिच्याकडं बघितलं तेव्हा तोंडावर हात ठेवला, पण खांदे हलतच होते. अखेर रखमाजींनी किल्ली सोडली. "रविवारी सकाळी मालिकेच्या आदी जाग्यावर पायजे. आन् हनुमंत संगं येईल." हनुमंत त्यांचा मुलगा. अँटेना फिरवायचं काम गावात त्याचंच.

शनिवारी दुपारी टीव्ही हातगाडीवरून ओढ्याच्या अलीकडं आला. निळ्या कापडाच्या टेबलावर ठेवला. हनुमंत आणि नवनाथ छपरावर चढले.

"आली का?"

"आली! आली... गेली! माघारी फिरव!"

"आता?"

"नुसत्या मुंग्या!"

तानुबाई पुढं बसल्या बसल्या ओरडली, "आरं, तांबडा बैल वळीवतुयास का काय? दमानं घे!"

एकदाचं चित्र आलं. समोरून. पहिल्यांदाच आम्ही माणसं टीव्हीत अख्खी बघितली, दोन डोळे आणि दोन कान असलेली. गर्दी खूप होती. सगुणाबाईही आली होती, मागं पोत्यावर बसली होती. मला बरं वाटलं. मी तिला चहा नेऊन दिला. ती म्हणाली, "आत्ताच पिऊन आले, सिंधे. ठेव हितं." कप तिथंच राहिला.

कार्यक्रमात पुढाऱ्यांची भाषणं झाली, पुतळ्यांना हार झाले, गाणी झाली. शेवटी बाबासाहेबांचा फोटो काचभर आला आणि थांबला. तानुबाई उठली. कुणाला काही कळायच्या आत टेबलाजवळ गेली आणि तळहात काचेला लावला, आपण पायाला लावतो तसा.

चट्ट आवाज झाला. तिनं हात झटकला आणि जोरात हसली. "चावलं गं बया! जित्ता हाय!"

सगळी वस्ती हसली. हनुमंतही हसला. त्या काळच्या टीव्हीची काच तशी चटका द्यायची, पोरांना ते माहीत होतं. तानुबाईनं पुन्हा हात लावला, मग कपाळ टेकलं.

तेवढ्यात निवेदकानं सांगितलं, की उद्या याच वेळी कार्यक्रमाचा दुसरा भाग. त्यात बाबासाहेबांचं जुनं चित्रीकरण दाखवतील, प्रत्यक्ष चालताना, बोलताना.

तानुबाई मागं वळली. "म्हंजी आज न्हाई? उद्या?"

"उद्या, आज्जे."

"मग उद्या बी आना ही पेटी. आन् मला म्होरंच बसवा."

नवनाथ हनुमंताला म्हणाला, "मालिका झाली की पुन्हा आनू. आबांस्नी सांगशील?"

"सांगतो की," हनुमंत म्हणाला. तो खरंच सांगणार होता, असं मला आजही वाटतं. मी मागं बघितलं तर सगुणाबाई उठून गेली होती. कपातल्या चहावर साय धरली होती.

रविवारी सकाळी नवनाथ आणि हनुमंत टीव्ही परत घेऊन गेले. मीही मागून गेले, दुसऱ्या संध्याकाळचं विचारायला. मंडपात बाया जमल्या होत्या, ओल्या केसांच्या. हनुमंतानं टीव्ही हातगाडीवरून उचलून मंडपाच्या ओट्यावर ठेवला, पेटीत घालायच्या आधी.

सगुणाबाई तांब्या घेऊन आली. हातात लिंबाची डहाळी होती. तांब्यात काय आहे, ते मला दुरूनच कळलं. मी गुरं राखत वाढलेली बाई आहे.

तिनं डहाळी बुडवून टीव्हीवर शिंपडलं. एकदा, दोनदा. ओट्यावर शिंपडलं. हातगाडीच्या दांड्यावर शिंपडलं, जिथं माझ्या मुलाचे हात लागले होते. नवनाथ तिथंच उभा होता, त्याच्या पायावरही चार थेंब पडले. ती त्याच्याकडं बघतही नव्हती. घर सारवताना कोपऱ्यात बसलेल्या मांजराकडं आपण जेवढं बघतो, तेवढंच.

"काय करताय, काकी?" नवनाथ म्हणाला.

"रीत हाय बाबा. मनावर घेऊ नगंस. म्हातारीनं काचेला हात लावला, कपाळ टेकलं. देवाची वस्तू हाय."

रखमाजी खांबाला टेकून उभे होते. ते म्हणाले, "वरवर शिपडून काय व्हतंय? त्ये आत दिसत व्हतं न्हवं काल? आतनं भाषणं चालली व्हती. मग आतनं बी शुद्ध व्हाया पायजे."

बायकांनी माना हलवल्या. बरोबरच होतं, त्यांच्या हिशेबानं. बाबासाहेब आत दिसले, म्हणजे आत शिरले. आत शिरले, म्हणजे आतून बाटलं. सगुणाबाई टीव्हीच्या मागं गेली. तिथं वारा जायला पन्हाळीसारख्या बारीक फटी असतात. तिनं तांब्या वाकडा केला आणि तुळशीला पाणी घालावं तशी धार त्या फटींत सोडली. बुडबुड आवाज आला. थोडं खालून गळलं, ओट्यावर पिवळी रेघ आली.

हनुमंत पळत आला. "आये, आगं आत तारा असत्यात!"

"असूं देत की. तारा काय बाटत न्हाईत व्हय?"

पुढं पेटीत घातला, हार घातला, नारळ फोडला. मी बाहेर लिंबाखाली येऊन बसले. आमच्या वस्तीतली आणखी माणसं होती. तानुबाई काठी टेकत आली होती. तिला मालिकेशी देणंघेणं नव्हतं. मालिका संपून टीव्ही परत कधी निघतो, हे बघायला ती आली होती. मी तिला काही सांगितलं नाही. माझ्या जिभेवर कडू पाणी येत होतं, ते गिळत होते.

मालिका लागली. युद्ध चाललं होतं. शंख वाजले, रथ निघाले, आणि टीव्ही तापायला लागला.

आधी वास आला, बारीक. पुढच्या ओळीतल्या पोरानं नाक धरलं. मग वास वाढला. तापल्या तव्यावर गुरानं मुतावं तसा. उदबत्तीचा वास त्यात मिसळला आणि जास्तच घाण झाली. बायकांचे पदर नाकाला गेले. पुरुषांची उपरणी वर आली. रथ तसेच धावत होते. फटींतून वाफ निघत होती, आणि एका म्हातारीनं त्या वाफेलाही हात जोडले.

मग चित्र मधोमध दबलं. सगळी सेना एका पांढऱ्या रेघेत आली. आतून तडतड झालं, काळा धूर आला, एक ठिपका उरला आणि तोही गेला.

कुणी बोलेना. नाकाला पदर आणि तोंडाला कुलूप. वास कशाचा, हे त्या मंडपातल्या तान्ह्या पोरालाही कळलं असतं. पण तो शब्द उच्चारायला कुणी तयार नव्हतं. माझ्या आयुष्यात मी माणसांची घाण पुष्कळ बघितली आहे, उपसलीही आहे. त्या गप्प बसण्याएवढी घाण मी पाहिली नाही.

शेवटी रखमाजी बोलले. बाहेर येऊन, लिंबाकडं तोंड करून. "बगितलं? हात लावला म्हातारीनं. तवाच मला वाटलं. दोन वरसं काय झालं न्हवतं टीव्हीला, एक रात तिकडं गेला आन् मेला."

तानुबाईला नीट ऐकू आलं नाही. "काय म्हंत्यात?" तिनं मला विचारलं.

"काय न्हाई, आत्या."

"टीव्ही मेला म्हंत्यात का?"

हनुमंत मधे पडला, "आबा, ह्यो वास..."

"तू गप ए!"

मग मी उठले. आयुष्यात पहिल्यांदा मंडपाच्या पायरीपर्यंत गेले. म्हटलं, "सगुणाबाई, तांब्या कुठं हाय तुझा?"

ती खाली बघत म्हणाली, "सिंधे, तू ह्यात पडू नगंस."

"मागच्या फटीतनं गोमूत कुणी वतलं? मी बघितलंय."

"गायीचं हाय ते," रखमाजी म्हणाले. "गायीच्या गोमूतानं कसा बिघडल? लोकं औषध म्हनून पित्यात."

"मग तुमी प्यायचं व्हतं, आबा. टीव्हीला कशाला पाजलं?"

मागून कुणीतरी फिसकन हसलं. रखमाजींचे कान लाल झाले. सगुणाबाई म्हणाली, "रीत हाय ती, सिंधे. मी काय तुझ्यावर राग धरून केलं व्हय? आपली सावड हाय."

हे ऐकून मला खरी शिसारी आली. राग धरून केलं असतं तर परवडलं असतं. रागाला उत्तर असतं. ती माझ्या बांधावर वाकते, माझ्या विहिरीचं पाणी तिच्या कांद्याला जातं, आणि माझ्या सासूचा तळहात लागला म्हणून काचेच्या पोटात मूत ओतते, तेही मनात काही न धरता. कपडे वाळत घालावेत तसं. मी पायरीवर थुंकले. आवरता आलं नाही.

"देवळाच्या पायरीवर थुकली!" एक बाई ओरडली.

"त्याच्यावर बी वता की तांब्या," मी म्हटलं.

नवनाथानं माझा हात धरून मला मागं ओढलं. त्याचे ओठ पांढरे पडले होते. "आता ऱ्हाऊं दे, आये. मी शिरूरला जातो. पोलिसात. कायदा हाय आता."

रखमाजी दोन पावलं मागं सरले. पण तानुबाईनं काठी आपटली. तिला आता सगळं कळलं होतं. कुणी सांगितलं नव्हतं. तिचे डोळे गेले होते, नाक शाबूत होतं.

"शिरूरला उद्या जा," ती म्हणाली. "पोलीस उद्या बी हायेत. त्ये टीव्हीवर आजच हाय. मला दौंडला ने."

दौंडला माझा भाऊ संपत रेल्वेत खलाशी. त्याच्या घरी छोटा काळा-पांढरा टीव्ही होता. रविवारी एसटीचा भरवसा नाही, म्हणून नवनाथानं दुपारच्या दुधाचा टेम्पो थांबवला. आम्ही कॅनच्या मधे बसलो. एप्रिलचं ऊन, कॅनचा आंबूस वास, आणि माझ्या नाकातला तो दुसरा वास काही जाईना. उसाच्या बैलगाड्यांमागं टेम्पो रेंगाळला की तानुबाई विचारायची, "उजेड हाय का अजून?" तिला उन्हाचाही अंदाज येत नव्हता. मी म्हणायचे, हाय. नदीच्या पुलावर टेम्पो बंद पडला. ड्रायव्हर खाली उतरून दोऱ्या-तारा हलवत बसला, तेव्हा ती पहिल्यांदा म्हणाली, "पुन्हा पाठीच दिसणार मला."

"न्हाई, आज्जे," नवनाथ म्हणाला आणि उतरून ढकलायला लागला. मीही उतरले. टेम्पो सुरू झाला.

संपतच्या दारात पोहोचलो तेव्हा दिवे लागले होते. खोलीभर रेल्वेची माणसं बसली होती, वस्तीतली. "सरका, सरका, मावशीला म्होरं येऊं द्या!" संपत ओरडला. माणसं सरकली, पोरांना मांडीवर घेतलं. त्याची बायको ललिता हिनं तानुबाईला टीव्हीपुढं बसवलं, इतकं जवळ की तिचा श्वास काचेवर धरत होता. संपतनं विचारलं, "एवढ्या घाईनं? गावात पंचायतीचा हाय न्हवं?" मी तानुबाईच्या पाठीशी जाऊन बसले.

भाषणं झाली. गाणं झालं. आणि मग ते आलं. पावसासारख्या रेघा पडणारं जुनं चित्र. कोट घातलेले बाबासाहेब माणसांमधून चालत येत होते. चालताना किंचित झुकले, कुणाशी तरी बोलले, ओठ हलले. मान वळवली. समोर बघितलं.

तानुबाईनं तोंड पुढं केलं होतं, चांगला डोळा काचेकडं करून, पाखरू दाणा बघतं तसं.

"हलतंय," ती हळूच म्हणाली. "तोंड हलतंय."

तिचा उजवा हात वर आला. तळहात काचेकडं निघाला. बोटभर अंतर राहिलं, तेव्हा काचेनं तिच्या मनगटावरची पांढरी लव ओढून उभी केली. मी ती उभी राहिलेली पाहिली. आता चट्ट वाजणार, आता ती हसणार, म्हणून मी वाट बघत होते.

तिनं हात मागं घेतला.

चित्र बदललं. परत कुणाचं तरी भाषण लागलं.

"लावा की हात, मावशी," संपत म्हणाला. "पुन्हा दाखवत्याल. आपलंच घर हाय."

"नगं. बिघडल तुमचा."

"आज्जे, त्यो गोमूतानं बिघडला," नवनाथ म्हणाला. "तुझ्या हातानं न्हवं. तुला बी वास आला व्हता न्हवं?"

"ठावं हाय मला," तानुबाई म्हणाली. "आंधळी झाले, खुळी न्हाई झाले. तरी नगं."

बाबासाहेब पुन्हा एकदा आले, थोडा वेळ. ती बघत राहिली. हात पदराखाली होता. ललितानं चहा आणला, तो तिनं डाव्या हातानं घेतला. सकाळी दुधाच्या टेम्पोनं परत येताना गावचा रस्ता लागला, बिरोबाच्या देवळाचा कळस दिसला, तरी तो उजवा हात तिनं बाहेर काढला नाही.